वडाच्या फळातली भाऊबंदकी

श्रोतेहो, नमस्कार.

उंबर फोडून केंबरं काढू नयेत, असं आपल्याकडे म्हणतात. आज मी नेमका तोच उद्योग करणार आहे. फक्त उंबराऐवजी वडाचं फळ घेऊ. बडोद्यात वडाला काय तोटा! वटपौर्णिमेला दांडिया बाजारातल्या बायका ज्याला सूत गुंडाळतात, तोच वड.

हे फळ म्हणजे खरं तर एक बंद पिशवी. तिच्या आतल्या बाजूला शेकडो बारीक फुलं असतात. टोकाला एक भोक, तेही खवल्यांनी झाकलेलं. त्यातून एक चिमुकला कीटक घुसतो, गांधीलमाशीच्या दूरच्या नात्यातला. शास्त्रीय नाव युप्रिस्टिना मॅसोनी. आपण केंबरंच म्हणू. मादी अंगावर परागकण घेऊन येते आणि आत शिरताना बहुधा तिचे पंख तुटतात. परतीची वाट नाही. आत ती परागकण पसरते, काही फुलांत एकेक अंडं घालते आणि तिथंच मरते.

एका फुलावर एकच अळी पोसते. फुलं मोजकी, आणि काही फुलांत वडाचं बीही धरायचं असतं. एकाच फळात दोन-तीन माद्या शिरल्या, की जागेसाठी ओढाताण ठरलेलीच.

पण खरी गंमत पुढच्या पिढीत आहे. नर आधी बाहेर येतात. त्यांना पंख नसतात, डोळे जवळजवळ निकामी. अजून फुलांतच असलेल्या माद्या शोधायच्या, त्यांच्याशी मीलन करायचं, त्यांना बाहेर पडायला भुयार कोरायचं आणि मरायचं. एवढंच त्यांचं आयुष्य. माद्या पराग घेऊन उडून जातात. आता फळात एकच आई शिरली असेल, तर आतल्या सगळ्या नवऱ्या त्या नरांच्या बहिणी आणि सगळे प्रतिस्पर्धी सख्खे भाऊ. एक नर कितीतरी माद्यांना पुरतो. जास्तीचा मुलगा म्हणजे भावाशी भांडायला आणखी एक भाऊ, शिवाय एका मुलीची जागा अडली ती वेगळीच.

भाऊबंदकी म्हणजे काय, हे बडोदेकरांना सांगायला नको. १७६८ साली दमाजीराव गायकवाड गेले आणि गोविंदराव व फत्तेसिंगराव या भावांत गादीवरून जे पेटलं, त्यात पुण्याच्या पेशव्यांनाही पडावं लागलं. केंबराची मादी हा तंटा उपजूच देत नाही. तिच्या कुळात फळलेल्या अंड्यातून मुलगी होते, न फळलेल्यातून मुलगा. त्यामुळे किती मुलगे आणि किती मुली, हे तिच्या हातात. एकटी असेल तर ती मोजकेच मुलगे घालते, बाकी सगळ्या मुली. दुसरी मादी आत असेल तर मुलगे वाढवते, कारण आता परक्या घरच्याही नवऱ्या आहेत आणि तिथल्या पोरांशी टक्कर द्यायला आपली पोरं हवीत.

भावाभावांतल्या अशा चढाओढीचं गणित ब्रिटिश शास्त्रज्ञ हॅमिल्टन यांनी १९६७ साली मांडलं. १९८५ मध्ये हेरे या शास्त्रज्ञांनी पनामातल्या वडाच्या भाईबंद झाडांवर ते तपासलं. फळात माद्या जितक्या जास्त, तितकं मुलग्यांचं प्रमाण जास्त. हिशेब बव्हंशी जुळला. मोहरीएवढाही मेंदू नसलेल्या किड्याला हे जमतं, याचं मला अजून नवल वाटतं.

फळात उपरेही असतात बरं का. काही जातींची केंबरं भोकाच्या वाटेला जातच नाहीत. बाहेरूनच सुईसारखी लांब नळी फळात खुपसून अंडी घालतात. परागकण आणायचं काम नाही, फुकटचं जेवण. त्यांतल्या काही जातींचे नर जबडे परजूनच जन्माला येतात. ब्राझीलमध्ये याच गोतावळ्यातल्या झाडांच्या फळांत अशा नरांना एकमेकांना चावून ठार मारताना हॅमिल्टननी पाहिलं होतं. आपण हातात घेतो ते लाल फळ पिकेपर्यंत वाचलेल्या माद्या कधीच उडून गेलेल्या असतात. राहिलेलं बी मग तांबट आणि हरियाल खातात, आणि कुठल्या तरी वाड्याच्या भिंतीत ते नव्यानं रुजतं.