यॉर्क स्टेशनच्या पार्किंगमधलं फूल

हे छोटं पिवळं फूल नीट पाहा. इंग्लंडमधल्या यॉर्क रेल्वे स्टेशनला लागून असलेल्या पार्किंगमध्ये १९७९ साली ते पहिल्यांदा शास्त्रज्ञांच्या नजरेस पडलं. नाव यॉर्क ग्राउंडसेल. यॉर्कबाहेर ते जगात कुठेच नव्हतं.

त्याच्या पूर्वजांपैकी एक इटलीतल्या सिसिली बेटावरचा. तिथल्या एटना ज्वालामुखीच्या माथ्याकडे एक रॅगवर्ट, म्हणजे ग्राउंडसेलच्याच नात्यातलं पिवळ्या फुलांचं रोप वाढतं, खालच्या उतारावर दुसरं. दोघांच्या संकराची रोपं अठराव्या शतकाच्या सुरुवातीला ऑक्सफर्डच्या वनस्पती उद्यानात पोचली आणि पुढे भिंतीबाहेर निसटली. मग रेल्वे आली. रुळांखालची खडी आणि इंजिनांची राख म्हणजे लाव्हावर वाढलेल्या झाडाला माहेरच! बी म्हातारीसारखं तरंगणारं. धावत्या गाडीमागच्या वाऱ्यानं ते गावोगाव नेलं. वनस्पतिशास्त्रज्ञ जॉर्ज ड्रूस यांनी तर ऑक्सफर्डला डब्यात शिरलेलं बी टाइलहर्स्टला खिडकीतून बाहेर पडताना पाहिलं होतं.

असं फिरत फिरत ते यॉर्कला आलं. तिथे त्याची गाठ पडली साध्या ग्राउंडसेलशी, ज्याच्या फुलाला सहसा कडेच्या पाकळ्याही नसतात. सिसिलीहून आलेल्या रॅगवर्टची गुणसूत्रं २०, ग्राउंडसेलची ४०. संकराच्या वाट्याला ३० येतात, आणि असं रोप जवळजवळ वांझच असतं. पण कधीतरी थोडे परागकण जगले, ग्राउंडसेलशी पुन्हा संकर झाला आणि ४० गुणसूत्रांचं, पाकळ्या असलेलं नवं झाड उभं राहिलं. ते स्वतःच्याच परागांवर बी धरतं, म्हणून आईबापांच्या शेजारी राहूनही वेगळं राहिलं. नवी प्रजाती घडायला लाखो वर्षं लागतात असं आपण धरून चालतो. ही मात्र रेल्वे आल्यानंतरची!

आणि ती गेलीही तितक्याच झटपट. तण म्हणून तिच्यावर तणनाशक फवारलं गेलं. २००३ मध्ये तिचं शास्त्रीय नाव जाहीर झालं, तेव्हा जमिनीवर ती उरलीच नव्हती. वाचली ती खिडकीतल्या कुंड्यांमुळे. यॉर्क विद्यापीठात संशोधकांनी तीन रोपं ठेवली होती. तीही मेली, पण मरण्याआधी त्यांनी बी धरलं, आणि ते बियाणं ब्रिटनच्या मिलेनियम सीड बँकेत जपून ठेवलं गेलं.

त्या बियांपैकी पहिल्या शंभर पेरल्या, तर अठ्ठ्याण्णव उगवल्या. २०२३ मध्ये यॉर्कच्या मातीत हे फूल पुन्हा उमललं.