शंभर डॉलरचे आमदार आणि क्रॉयडनची शाळा

वर्षाला 100 डॉलर. अमेरिकेतल्या न्यू हॅम्पशायर राज्यात आमदाराचा पगार एवढाच आहे, आणि हा आकडा आजचा नाही, 1889 साली राज्यघटनेत दुरुस्ती करून दोन वर्षांच्या टर्मला 200 डॉलर असं ठरवलं ते अजूनही तसंच चालू आहे. वर गाडीखर्च मिळतो तेवढाच. स्वतःचं ऑफिस नाही, पीए नाही, मतदारसंघातल्या माणसाला काही सांगायचं असेल तर तो सरळ आमदाराच्या घरी फोन लावतो.

आणि असे आमदार आहेत 400! अख्ख्या राज्याची लोकसंख्या 14 लाखांच्या आसपास, म्हणजे साधारण साडेतीन हजार माणसांमागे एक आमदार, अमेरिकेतल्या 50 राज्यांत एवढं मोठं सभागृह दुसरं कुठेच नाही. सेनेट, म्हणजे वरचं सभागृह, मात्र छोटं, 24 जणांचं.

राजधानी कॉनकॉर्डमधलं सोनेरी घुमटाचं स्टेट हाऊस, म्हणजे विधिमंडळाची इमारत, 1819 साली उभं राहिलं, आणि आमदार आजही त्याच मूळ सभागृहात बसतात. इतके दाटीवाटीने बसतात की कोव्हिडच्या काळात तिथे भरणं शक्यच नव्हतं. डिसेंबर 2020 मध्ये नवे स्पीकर डिक हिंच निवडून आल्यावर आठवड्याभरातच कोव्हिडने गेले, त्यानंतर जानेवारीत डरहॅमच्या विद्यापीठाच्या पार्किंगमध्ये अधिवेशन भरलं, आमदार आपापल्या गाडीत बसून.

खरं काम चालतं ते कमिट्यांच्या खोल्यांत. तिथला एक नियम मला मनापासून आवडतो: आलेल्या प्रत्येक बिलाची जाहीर सुनावणी झालीच पाहिजे आणि नंतर सभागृहात त्याचा निकाल लागलाच पाहिजे. बाकी बऱ्याच राज्यांत कमिटीचा अध्यक्ष नको असलेलं बिल नुसतं दाबून ठेवतो, तारीखच देत नाही, विषय संपला. इथे तसं नाही. खोलीत गुलाबी कार्डं ठेवलेली असतात, आपलं नाव, गाव, बिलाचा नंबर आणि बाजूने की विरोधात एवढं लिहून द्यायचं, नंबर आला की माईकसमोर जाऊन बसायचं आणि बोलायचं. वकील लागत नाही, ओळख लागत नाही. बोलायचं नसेल तर निळ्या कागदावर नुसतं मत नोंदवून घरी जा. मोठमोठ्या कंपन्यांचे लॉबिस्टही तिथेच येतात, पण त्यांच्या शेजारच्या खुर्चीवर एखादी शाळेची नर्स किंवा मेपल सिरप काढणारा शेतकरी बसलेला असतो, आणि दोघांनाही कमिटीला ऐकून घ्यावंच लागतं.

आता यात जे खटकतं तेही सांगायला हवं. जानेवारी ते जून अधिवेशन, तेही आठवड्याच्या मधल्या दिवशी, आणि पगार 100 डॉलर, मग आमदार व्हायला परवडतं कोणाला? निवृत्त माणसाला, स्वतःचा धंदा असलेल्याला, किंवा ज्याचं घर जोडीदाराच्या पगारावर चालतं त्याला. दुकानात शिफ्ट करणारी, लहान मुलं असलेली बाई तिथे कशी जाणार? दार सगळ्यांना उघडं आहे, पण आत जाऊन बसायला लागणारा वेळ सगळ्यांकडे नाही, आणि माझ्या मते ही या राज्याची मोठी उणीव आहे.

गव्हर्नरची गोष्टही वेगळी. दर दोन वर्षांनी निवडणूक, असं आता फक्त इथे आणि शेजारच्या व्हरमाँटमध्ये उरलंय. शिवाय गव्हर्नरच्या बरोबरीने पाच जणांची एक्झिक्युटिव्ह कौन्सिल असते, तीही लोकांनी निवडलेली, आणि तिच्या मंजुरीशिवाय न्यायाधीश नेमता येत नाही की मोठं कंत्राट देता येत नाही. ऑक्टोबर 2021 मध्ये लसीकरणासाठी वॉशिंग्टनहून आलेले 2 कोटी 70 लाख डॉलर या कौन्सिलने 4 विरुद्ध 1 मतांनी नाकारले. तेव्हाचे गव्हर्नर क्रिस सुनूनू रिपब्लिकन, नाकारणारे चौघेही रिपब्लिकन, आणि सुनूनूंना तो पैसा हवा होता!

मतदारसंघ एवढे छोटे की एकेका मताला वजन येतं. 2022 च्या निवडणुकीनंतर सभागृहात 201 रिपब्लिकन, 198 डेमोक्रॅट, आणि एक जागा रिकामी, कारण रॉचेस्टर शहराच्या एका वॉर्डात दोन्ही उमेदवारांना 970-970 मतं पडली होती. शेवटी फेब्रुवारी 2023 मध्ये तिथे परत मतदान घ्यावं लागलं.

आणि आता पैशाचा विषय, कारण या राज्याचं सगळं राजकारण शेवटी तिथेच येऊन थांबतं. इथल्या नॅशुआ शहरात घर घेतलेल्या आपल्या मराठी मंडळींना हे लगेच कळतं: दुकानात सेल्स टॅक्स नाही, पगारावर राज्याचा इन्कम टॅक्स नाही, पण घराच्या प्रॉपर्टी टॅक्सचं बिल आलं की डोळे पांढरे होतात. गव्हर्नरपदाला उभं राहणाऱ्याने सेल्स किंवा इन्कम टॅक्स आणणार नाही अशी शपथ घ्यायची, ही प्रथा 1970 च्या दशकापासून चालत आली आहे, तिला तिथे नुसतं 'द प्लेज' म्हणतात. मग शाळा चालतात कशावर? मुख्यतः गावातल्या घरांच्या टॅक्सवर. ज्या गावात महागडी घरं तिथे थोड्या दराने भरपूर पैसा जमतो, आणि गरीब गावात दर वाढवत नेला तरी पुरत नाही. क्लेअरमाँट आणि आणखी काही गावं यासाठी कोर्टात गेली, 1993 आणि 1997 मध्ये राज्याच्या सुप्रीम कोर्टाने सांगितलं की पुरेसं शिक्षण देणं आणि त्याचा खर्च उचलणं ही राज्याची जबाबदारी आहे, तरी भांडण मिटलं नाही.

याच राज्यातलं क्रॉयडन हे जेमतेम 800 वस्तीचं गाव. मार्च महिना म्हणजे तिथे गावसभांचा, गावकरी एकत्र जमून बजेट एकेक कलम करून मंजूर करतात. मार्च 2022 मध्ये शाळेच्या बजेटची सभा होती, नेहमीप्रमाणे थोडेच लोक आले. बजेट होतं 17 लाख डॉलर. गावच्या एका सिलेक्टमनने, म्हणजे गावाचा कारभार बघायला निवडलेल्या सदस्याने, उठून सूचना मांडली की ते 8 लाख करा. चर्चा झाली, मतं घेतली, 20 विरुद्ध 14. झालं मंजूर!

गावात स्वतःची शाळा फक्त चौथीपर्यंत, पुढची मुलं न्यूपोर्ट वगैरे ठिकाणी जातात आणि त्यांची फी गाव भरतं. आता बजेट कापल्यामुळे फीत कमी पडणारे पैसे आईबापांनी कुठून आणायचे? लोक खडबडून जागे झाले. कायद्याने विशेष सभा बोलावता येत होती, पण अट अशी की नोंदणी असलेल्या मतदारांपैकी निम्मे तरी आले पाहिजेत, नाहीतर मार्चचाच निर्णय कायम. मग काय, लोक घरोघर फिरले, फोन केले, चौकात पाट्या घेऊन उभे राहिले. कपात हवी असलेल्यांनी लोकांना सांगितलं की सभेला येऊच नका, म्हणजे कोरमच भरणार नाही.

7 मे 2022. लोक आले, निम्म्याहून कितीतरी जास्त, आणि 17 लाखांचं बजेट 377 विरुद्ध 2 मतांनी परत आलं. मार्चमध्ये जे 20 जिंकले होते त्यांनी कुठलाही नियम मोडला नव्हता, बाकीचे घरी होते एवढंच.

बजेट परत आलं पण पैसा त्याच घरांच्या टॅक्समधून आला. जुलै 2025 मध्ये राज्याच्या सुप्रीम कोर्टाने दुसऱ्या एका केसमध्ये 3 विरुद्ध 2 ने निकाल दिला की राज्य दर मुलामागे जी साधारण 4,100 डॉलरची मूळ रक्कम देतं ती घटनेला धरून नाही, कमीत कमी 7,356 डॉलर तरी लागतात. ते लगेच द्या असा आदेश मात्र कोर्टाने दिला नाही, पैसे कुठून आणायचे हे ठरवायचं काम त्याच 400 आमदारांवर, सेनेटवर आणि गव्हर्नरवर सोडलंय.