मूळ वही कोणाच्या हाती?

श्रोतेहो, नमस्कार.

चतुर्थीला गावी आलेला माणूस सहज म्हणून वडिलोपार्जित भाटाचा, म्हणजे बागायती जमिनीचा, एक-चौदाचा उतारा (जमीन कोणाच्या नावावर आहे ते दाखवणारा सरकारी कागद) काढतो आणि आजोबांच्या नावाच्या जागी भलतेच नाव पाहून जागच्या जागी थिजतो. खोदून विचारल्यावर त्याच्यापुढे पोर्तुगीज अमदानीतले एक खरेदीखत ठेवले जाते. त्यावर आजोबांची सही असते. पण त्या तारखेच्या कित्येक वर्षे आधीच आजोबा वारलेले असतात. गोव्यात वकिली करताना अशी हकिकत मी इतक्यांदा ऐकली आहे की ती कुणा एकाची राहिलेली नाही. जून २०२२मध्ये राज्य सरकारला जमीन बळकावण्याच्या प्रकरणांसाठी विशेष तपास पथक नेमावे लागले आणि पुढे निवृत्त न्यायमूर्ती व्ही. के. जाधव यांचा एकसदस्य आयोगही बसला.

तक्रार घेऊन गेलेल्या माणसाला बहुधा पहिले उत्तर मिळते ते असे, की हा दिवाणी वाद आहे, कोर्टात जा. हे उत्तर अर्धेच खरे आहे. जमीन कोणाची, हे दिवाणी न्यायालय ठरवते. पण मेलेल्या माणसाची सही करणे हा स्वतंत्र गुन्हा आहे आणि दोन्ही कामे एकाच वेळी चालू शकतात. बनावट खत वारसाहक्काच्या इन्व्हेंटरी प्रकरणात दाखल झाले, म्हणून पोलिसांचे हात बांधले जातात, असेही नाही. कागद न्यायालयाच्या ताब्यात असताना त्यात फेरफार झाला असेल तरच त्या न्यायालयाची लेखी तक्रार लागते. आधीच बनवून आणलेल्या कागदाला ती अट लागू होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने २००५ साली स्पष्ट केले आहे.

तरीही तपास पुढे सरकत नसेल, तर तो दुसऱ्या यंत्रणेकडे देता येतो का? न्यायदंडाधिकारी पोलीस ठाण्याला तपासाचा आदेश देऊ शकतात, परंतु सीबीआयला देऊ शकत नाहीत. सीबीआय १९४६च्या दिल्ली विशेष पोलीस आस्थापना कायद्यावर उभी आहे आणि त्या कायद्याच्या कलम ६प्रमाणे एखाद्या राज्यात तपास करायला तिला त्या राज्याची संमती लागते. उच्च न्यायालयाला मात्र ही अडचण नाही. पश्चिम बंगालच्या एका प्रकरणात १७ फेब्रुवारी २०१० रोजी पाच न्यायमूर्तींच्या पीठाने सांगितले, की राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६खाली उच्च न्यायालय राज्याच्या संमतीविना असा आदेश देऊ शकते. त्याच निकालात हेही बजावले आहे, की हा अधिकार क्वचित आणि जपून वापरायचा. तक्रारदाराने पोलिसांवर आरोप केले, एवढ्याने तो वापरता येत नाही.

हा दुसरा भाग आपल्याकडे कोणी लक्षात घेत नाही, आणि पर्वरीला उच्च न्यायालयात याचिका दाखल करताना नेमका तोच आड येतो. पोलीस काही करत नाहीत, हे वाक्य पुरेसे नसते. मूळ खत कोणत्या तारखेपर्यंत जप्त झाले नव्हते, सहीचे नमुने हस्ताक्षरतज्ज्ञाकडे गेले की नाही, ज्या कार्यालयातून नक्कल निघाली तिथल्या माणसांचे जबाब का घेतले नाहीत, असा एकेक प्रश्न तारखेसह मांडावा लागतो. चोर्ल्याच्या घाटापलीकडच्या खानापूरच्या अब्दुल करीम तेलगीचे बनावट मुद्रांकांचे प्रकरण २००४ साली सर्वोच्च न्यायालयाने सीबीआयकडे सोपवले. ते अनेक राज्यांत पसरले होते आणि खुद्द पोलीस अधिकाऱ्यांनाच अटक झाली होती. परिस्थिती अशी असली, की तपास काढून घ्यायला कारण उरते.

परंतु विशेष यंत्रणा म्हणजे केवळ दिल्लीची यंत्रणा, असे मी मानत नाही. आपल्या प्रकरणांत विशेष कोण, तर ज्याला कागद वाचता येतो तो. जुनी पद्धत अशी होती, की मूळ लेख नोटरीच्या वहीत राही आणि पक्षकाराला मिळे ती नक्कल. म्हणून खरेखोटे त्या वहीतच दडलेले असते: पानांचे क्रमांक सलग आहेत का, आधीच्या आणि नंतरच्या दस्तांच्या तारखांत हा दस्त बसतो का, अक्षर आणि शाई जुळते का, जमीन-नोंदणीच्या पुस्तकातला वर्णन क्रमांक त्याच मिळकतीचा आहे का. हे सगळे पोर्तुगीजमध्ये, हाताने लिहिलेले. ते वाचणारी पिढी आता संपत आली आहे, याची मला खरोखर काळजी वाटते. आपल्या पुराभिलेखागाराची परंपरा १५९५पासूनची. पण वही तिथे असून वाचणारा नसेल, तर तपास पणजीत राहिला काय आणि दिल्लीला गेला काय, दोन्ही सारखेच.

झेरॉक्सवरून शाई तपासता येत नाही आणि वहीतले पान फाडायला एक दुपार पुरते. म्हणून माझ्याकडे येणाऱ्यांच्या याचिकेत तपास वर्ग करण्याच्या मागणीच्या आधी मी एक अंतरिम मागणी लिहितो: सुनावणी होईपर्यंत ती मूळ वही सीलबंद करून न्यायालयाच्या ताब्यात ठेवावी.