मारिओ इतक्या घाईत का आहे?

[दृश्य: सांगली. माळ्यावरून पत्र्याची ट्रंक खाली येते.]

वर स्वेटर. त्याखाली दहावीच्या वह्या. आणि अगदी तळाशी, आईच्या जुन्या साडीत गुंडाळलेला हा खेळ.

पांढरं प्लॅस्टिक पिवळं पडलंय. एका रिमोटची वायर मधेच तुटली होती, ती पिळून जोडलेली दिसतेय, वरून चिकटपट्टी. कॅसेट चार. तिघींची लेबलं गळून गेलीत. चौथीवर अजून वाचता येतं, ९९९९ इन १.

याचं नाव काय, असं त्या काळातल्या कुणाला विचारलं तर निन्टेन्डो म्हणणारा क्वचितच भेटेल. आपल्याकडे हा नुसता ‘व्हिडिओ गेम’ होता. आणि ज्याच्या घरी तो असायचा, त्याच्या घरी मे महिन्यात चपलांचा ढीग असायचा.

[दृश्य: जुन्या टीव्हीमागे दोन हात. पडद्यावर मुंग्या.]

अँटेनाची वायर काढायची, तिथे ही पिन खोचायची आणि मुंग्यांमधून चित्र उगवेपर्यंत चॅनल फिरवत राहायचं. आज ते उगवलं नाही. अडॅप्टर गरम होतोय, लाल दिवा लागलाय, पडदा मात्र करडाच. कॅसेट काढली, फुंकर मारली, परत बसवली. खरं तर फुंकरीने काही होत नसे. उलट तोंडातल्या ओलाव्याने आतल्या पट्ट्या गंजतात. काम व्हायचं ते काढून पुन्हा बसवण्याने, कारण त्या झटापटीत संपर्क जुळायचा. या वेळी तोही जुळला नाही.

म्हणून हे बहीणभाऊ, दोघंही चाळिशी ओलांडलेले, कापडी पिशवीत चार कॅसेट आणि तो पिवळा डबा घेऊन पुण्याला आलेत. इथे इलेक्ट्रॉनिक्स शिकणारा एक मुलगा जुन्या कॅसेट वाचून संगणकावर उतरवतो. पैसे घेत नाही. “मावशी, कॅसेट तेवढी उघडू द्या,” एवढीच त्याची अट.

[दृश्य: टेबल, दिव्याचा प्रकाश, छोटा स्क्रूड्रायव्हर. हिरवी पट्टी बाहेर येते.]

एवढ्या मोठ्या कॅसेटमध्ये एवढीशीच पट्टी. तिच्यावर हा काळा थेंब दिसतोय, डांबरासारखा. त्याच्याखाली चिप आहे. मूळ जपानी कॅसेटमध्ये चिपा सहसा नीट डब्यात, नंबर छापून असायच्या. स्वस्तातल्या नकलेत तो डबा परवडत नसे, मग उघडी चिप पट्टीवर चिकटवायची आणि वर हा थेंब टाकायचा.

खाली साठ सोनेरी पट्ट्या आहेत. इरेझरने त्या पुसल्या जातायत, शाळेतल्यासारख्याच. नंतर स्पिरिट. मग ही पट्टी वाचकयंत्रात बसते, आणि यंत्र संगणकाला जोडलं जातं.

आता यंत्र कॅसेटला एकेक पत्ता विचारत जाईल. या घरात काय आहे? पुढच्या घरात काय आहे? कॅसेट उत्तर देईल. सगळी उत्तरं ओळीने लिहून घेतली की झाली फाइल. मारिओची सबंध गेम, आठही जगं, सगळे किल्ले, सगळं संगीत, ४० किलोबाइट. सकाळी फोनवर येणारा ‘सुप्रभात’चा एक फोटो याहून मोठा असतो.

[दृश्य: मारिओ. चित्र थांबतं. ढग, मग खालचं झुडूप.]

इथे थांबूया. वरचा ढग बघा. आता हे झुडूप बघा. आकार तोच आहे. फक्त रंग बदललाय, पांढऱ्याच्या जागी हिरवा. जागा नव्हती, म्हणून एकच चित्र दोनदा वापरलं. आपण वर्षानुवर्षं त्या झुडपांवरून उड्या मारल्या आणि ते कळलं नाही. ही माणसं काय ताकदीची होती, ते या एका झुडपात दिसतं.

या गेम ज्याच्यासाठी लिहिल्या, ते मूळ यंत्र जपानमध्ये १५ जुलै १९८३ रोजी विक्रीला आलं. नाव फॅमिकॉम, किंमत १४,८०० येन. क्योटोच्या निन्टेन्डो कंपनीत मासायुकी उएमुरा यांच्या हाताखाली ते तयार झालं. आत ६५०२ या प्रसिद्ध प्रोसेसरचीच बहीण, सेकंदाला सुमारे १७ लाख ९० हजार ठोक्यांनी चालणारी. कामाची मेमरी २ किलोबाइट. चित्र काढायला वेगळी चिप, आणि तिच्यापुढे २५६ गुणिले २४० ठिपक्यांचा कागद. १९८५ मध्ये हेच यंत्र वेगळ्या कवचात अमेरिकेत गेलं आणि एनईएस झालं. दोन्ही मिळून ६ कोटींहून जास्त विकली गेली. त्यात आपल्या पिवळ्या डब्याची गणती नाही.

[दृश्य: पिवळा डबा उघडला जातो. दोन चिपांवर कॅमेरा जवळ जातो.]

कारण हा डबा निन्टेन्डोचा नाहीच. अक्षरं वाचा. यूए ६५२७ पी. शेजारी यूए ६५३८. या तैवानच्या यूएमसी कंपनीच्या चिपा, मूळ यंत्राच्या नकला. परवाना नव्हता. पण मूळ यंत्र आपल्याकडच्या गल्लीबोळांत पोचलंच नव्हतं, आणि हे पोचलं.

ही दोन नावं लक्षात ठेवा. पुढे लागणार आहेत.

[दृश्य: संगणकाचा पडदा. एम्युलेटरची खिडकी उघडते.]

फाइल तयार आहे. पण नुसती फाइल म्हणजे सतार नसताना सतारीचं नोटेशन. ती वाजवायला तेच यंत्र हवं, आणि ते तर मेलंय. इथे एम्युलेटर येतो, म्हणजे त्या यंत्राचं सोंग घेणारा संगणकावरचा प्रोग्राम.

बहुरूपी दारात पोलीस होऊन यायचा तेव्हा टोपी, पट्टा, चालणं, दम देणं, सगळं बेतशीर असायचं. एम्युलेटर हा तसा बहुरूपी आहे. गेमने विचारलं की तो प्रोसेसरच्या आवाजात उत्तर देतो, चित्र मागितलं की चित्राची चिप होतो. समोर १९८३ चं यंत्र नाही, २०२० नंतरचा लॅपटॉप आहे, हे गेमला शेवटपर्यंत कळता कामा नये.

आणि सोंग वठवणं अवघड असतं. हे बघा.

[दृश्य: मारिओ चालतोय. वरच्या पट्टीतल्या नाण्याभोवती लाल वर्तुळ.]

मारिओ पळतो तेव्हा जमीन सरकते, पण वरचे गुण, नाणी, वेळ स्थिर राहतात. यंत्राला असं अर्धं चित्र सरकवता येत नव्हतं. मग गेम लिहिणाऱ्यांनी युक्ती केली. या छोट्या नाण्याच्या खालच्या कडेवर एक ठिपका लपवला. टीव्हीचा किरण रेघ-रेघ चित्र काढत त्या ठिपक्याशी पोचला की चित्राची चिप खूण करते. गेम त्या खुणेची वाट बघत थांबलेली असते. खूण मिळाली की म्हणते, आता इथून खाली सरकव.

एम्युलेटरने ती खूण दिलीच नाही, तर गेम तिथेच वाट बघत राहते. मारिओ हलत नाही. म्हणून चांगला एम्युलेटर प्रोसेसरच्या दर ठोक्याला चित्राचे तीन ठिपके, ना जास्त ना कमी, असा हिशोब सेकंदाला लाखो वेळा पाळतो. १७ लाख ठोक्यांच्या यंत्राचं सोंग काढायला त्याच्या कित्येक पट ताकदीचा संगणक लागतो, तो यासाठी.

[दृश्य: काँट्रा, दोन खेळाडू, गोळ्यांचा पाऊस. माणसं लुकलुकतात.]

काँट्रात गोळ्या वाढल्या की माणसं अशी लुकलुकायची. आपल्याला वाटायचं टीव्ही बिघडला. टीव्ही चांगला होता. यंत्र एका आडव्या रेघेत आठच हलती चित्रं काढू शकायचं, नववं गाळायचं. मग गेम आळीपाळीने एकेकाला गाळायची, म्हणजे कुणी कायमचं नाहीसं होणार नाही. एम्युलेटरमध्ये ही मर्यादा एका टिचकीने काढता येते. हा मुलगा ती काढत नाही. “लुकलुकणं पण ठेवायचंय मला,” तो म्हणतो. त्याचं बरोबर आहे असं आम्हाला वाटतं.

[दृश्य: बदकांची गेम. प्लॅस्टिकची बंदूक सपाट टीव्हीवर रोखलेली. बदक उडून जातं. पुन्हा. पुन्हा.]

दादांनी हट्टाने बंदूक आणलीय. नव्या टीव्हीवर ती चालणार नाही. या बंदुकीतून काही सुटत नाही, तिच्या नळीत प्रकाश ओळखणारा डोळा आहे. घोडा ओढला की पडदा क्षणभर काळा होतो, मग बदकाच्या जागी पांढरा चौकोन चमकतो. डोळ्याला आधी काळं, मग पांढरं दिसलं, तर बदक पडतं. सगळा खेळ सेकंदाच्या काही साठाव्या भागांचा. सपाट टीव्ही चित्र दाखवायला त्याहून उशीर करतो, आणि ही बंदूक ओळखते ती जुन्या काचेच्या टीव्हीची झगझग. एम्युलेटरमध्ये माउसच बंदूक होतो.

[दृश्य: पडद्यावर कोडच्या ओळी सरकतात.]

हे सगळं कुणी शोधलं? कुठल्या कंपनीने नाही. १९९६ मध्ये मरात फैझुल्लिन यांचा आयनेस हा एम्युलेटर आला. कॅसेटच्या फाइलच्या डोक्यावर सोळा बाइटांची जी चिठ्ठी लावायची, ती त्यांनी ठरवली, आणि आजही त्याच धर्तीची चिठ्ठी लागते. आत्ता पुण्यात या कॅसेटला लागली तीसुद्धा तीच. १९९७ मध्ये नेस्टिकल आला आणि साध्या घरगुती संगणकावर पूर्ण वेगाने गेम धावू लागल्या. त्यानंतर नेस्टोपिया, एफसीईयूएक्स, मेसेन. जगभरच्या लोकांनी फावल्या वेळात, नोकऱ्या सांभाळून, यंत्राचा एकेक ठोका मोजला. २०१० मध्ये काही जणांनी मूळ ६५०२ चिपचं कवच आम्लाने उतरवलं, सूक्ष्मदर्शकाखाली फोटो काढले आणि फोटोंवरून तिचे हजारो ट्रान्झिस्टर संगणकात जसेच्या तसे उभे केले. ताम्रपट जपावा त्या मायेने केलेलं काम आहे हे.

कायद्याने बघितलं तर एम्युलेटर लिहिणं वेगळं आणि गेमच्या फाइली वाटणं वेगळं. आपल्या १९५७ च्या कायद्यात स्वतःजवळच्या वैध प्रतीची जपणुकीसाठी नक्कल काढायला जागा आहे. परवाना नसलेल्या कॅसेटचं काय, हे तिथे सुटत नाही.

पण दुसरी बाजू बघा. मार्च २०२३ मध्ये निन्टेन्डोने आपल्या दोन जुन्या यंत्रांची ऑनलाइन दुकानं बंद केली, आणि तिथे मिळणाऱ्या शेकडो जुन्या गेम नव्याने विकत घेण्याची सोय संपली. त्याच वर्षी व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशनने अमेरिकेत निघालेल्या जुन्या गेमांची पाहणी केली. २०१० पूर्वीच्या ८७ टक्के गेम आता बाजारात मिळतच नाहीत.

[दृश्य: ९९९९ इन १ ची यादी. बोट खालची कळ दाबतंय.]

ही यादी मात्र संपत नाही. मारिओ. टँक. सर्कस. मग पुन्हा मारिओ, या वेळी तिसऱ्या जगापासून. पुन्हा टँक. वेगळ्या गेम दोन डझनही भरत नाहीत, बाकी त्यांचीच रूपं. सुरुवातीच्या पडद्यावरून कंपनीचं नाव खरवडून काढलंय. कुणी केलं हे? कुठे बसून? या यादीचं पार्श्वसंगीत कुणी बसवलं? कुणाचं नाव कुठेच नाही. मूळ गेमा जपणारे पुष्कळ आहेत. ही यादी, हा थेंबाखालचा खोटेपणा, जो आपल्या घरात आला, तो जपणारे फार थोडे आहेत. ट्रंका भंगारात चालल्यात.

[दृश्य: मारिओ सुरू होतो. बहिणीचा चेहरा.]

गेम लागली. ढग आले, झुडूप आलं, संगीत सुरू झालं. आणि ताईंच्या कपाळावर आठी आली.

“हा इतक्या घाईत का आहे?”

दादा म्हणाले, “ताई, आपलं वय झालं.” मुलगा मात्र हसला नाही. त्याने त्या दोन चिपांचा फोटो उघडला.

जपान आणि अमेरिकेत टीव्ही सेकंदाला साठ चित्रं दाखवायचा. आपला टीव्ही पन्नास. आणि या गेमांचं संगीत, उड्या, शत्रूंची चाल, सगळं चित्रांच्या मापाने चालतं. जपानमध्ये साठ सेकंदांत संपणारी चाल आपल्याकडे बहात्तर सेकंद वाजायची. सूर जवळपास तोच, लय मात्र ठाय. यूएमसीची ही जोडी अशी बांधलेली होती की साठच्या गेम पन्नासच्या टीव्हीवर न अडखळता चालाव्यात, फक्त सावकाश. एम्युलेटरने फाइल बघितली आणि जपानी यंत्राचं सोंग घेतलं. ताई बत्तीस वर्षांपूर्वीची लय कानात घेऊन बसल्या होत्या.

[दृश्य: सेटिंगची यादी. बाण खाली सरकतो.]

यादीत अमेरिका-जपानचं माप आहे, युरोपचं आहे, आणि तिसरं नाव आहे डेंडी. हा रशियात १९९२ पासून विकला गेलेला असाच नकली डबा. तिथल्या मुलांनी मोठं होऊन त्याचं मोजमाप करून ठेवलं, म्हणून हे नाव या यादीत आहे. सांगलीचा डबा त्याच जातीचा, पण त्याला या यादीत स्वतःचं नाव नाही. आज त्याला रशियन नावाने हाक मारावी लागते.

टिचकी.

[दृश्य: तेच जग, तोच ढग. संगीत सावकाश. ताई रिमोट उचलतात, दुसरा दादांकडे सरकवतात.]

“पहिला नंबर माझा,” ताई म्हणतात.

[निवेदन थांबतं. संगीत पूर्ण वाजू द्यावं.]