पुढचा पगार दोन आठवडे उशिरा आला तर?

नमस्कार मंडळी.

अमेरिकेतल्या तीन घरांपैकी दोन घरे एका पगारापासून दुसऱ्या पगारापर्यंत कशीबशी पोचतात, हे वाक्य आपण सगळ्यांनी कधी ना कधी वाचलेले असते. त्यावर अमेरिकेत राहणाऱ्या आपल्या मराठी मंडळींच्या दोन प्रतिक्रिया ठरलेल्या. एक, "यांना बचतीची सवयच नाही." आणि दुसरी, "आपल्याला काय त्याचे?" पहिली बरीचशी चुकीची आहे आणि दुसरी धोक्याची. पण आधी आकड्याकडे बघू.

कोणी काय विचारले, यावर हा आकडा बदलतो. लेंडिंगक्लब या कर्ज देणाऱ्या कंपनीच्या पाहण्यांत लोकांनी स्वतःबद्दल जे सांगितले, त्यावरून तो ६० टक्क्यांच्या आसपास निघतो. ज्याचा धंदा कर्जाचा, त्याची ही पाहणी, हे लक्षात असू द्यावे. बँक ऑफ अमेरिकेच्या संशोधन संस्थेने २०२४ मध्ये विचारले तेव्हा जवळपास निम्म्या लोकांनी "हो, आमचे तसेच आहे" असे सांगितले. त्याच संस्थेने मग ग्राहकांची प्रत्यक्ष खाती पाहिली. घर, किराणा, पेट्रोल, वीज, डेकेअर अशा न टळणाऱ्या खर्चांतच उत्पन्नाचे ९५ टक्क्यांहून जास्त जाते अशी घरे मोजली, तर ती भरली साधारण २६ टक्के. म्हणजे जे म्हणतात त्यांच्यातल्या निम्म्यांचाच हिशेब तसे दाखवतो. बाकीचे खोटे बोलतात असे मात्र नाही. त्यांच्या खात्यात महिनाअखेरीला खरोखरच काही उरत नाही. फक्त जे संपते ते किराण्यावरच संपते असे नाही.

फेडरल रिझर्व्ह, म्हणजे अमेरिकेची मध्यवर्ती बँक, २०१३ पासून दरवर्षी एक साधा प्रश्न विचारते : अचानक ४०० डॉलरचा खर्च आला तर कसा भागवाल? रोख, बचत, किंवा कार्डावर टाकून पुढच्या बिलात पूर्ण फेडू, असे सांगणारे २०१३ मध्ये ५० टक्के होते. कोविडकाळातल्या सरकारी मदतीनंतर, २०२१ मध्ये, ते ६८ टक्क्यांवर गेले. २०२२ ते २०२४ अशी सलग तीन वर्षे आकडा ६३ वर थांबला होता. उरलेल्या ३७ टक्क्यांचा अर्थ बातम्यांत हमखास चुकवतात. "चाळीस टक्के अमेरिकनांकडे ४०० डॉलरही नाहीत" असे छापून येते. ते खरे नाही. यांतले बरेच जण कार्डावर टाकून हप्त्याहप्त्याने फेडतील, कोणी मित्राकडून घेतील, कोणी काही विकतील. कुठल्याच मार्गाने जमणार नाही असे सांगणारे १३ टक्के आहेत. माझ्या मते या ४०० डॉलरांपेक्षा त्याच पाहणीतला दुसरा आकडा जास्त बोलका आहे : तीन महिन्यांचा खर्च निघेल इतकी रक्कम बाजूला ठेवलेली माणसे २०२४ मध्ये ५५ टक्के होती. म्हणजे पंचेचाळीस टक्क्यांकडे ती नव्हती.

आता "सवय नाही" या आरोपाबद्दल. हार्वर्डच्या गृहनिर्माण अभ्यास केंद्राने मोजल्याप्रमाणे २०२३ मध्ये भाड्याने राहणारी २ कोटी २६ लाख घरे, म्हणजे सगळ्या भाडेकरूंपैकी निम्मी, उत्पन्नाच्या ३० टक्क्यांहून जास्त रक्कम भाडे आणि वीज-पाण्यावर खर्च करत होती. त्यांतल्या १ कोटी २१ लाख घरांचे निम्म्याहून जास्त उत्पन्न त्यातच जात होते. तिथे सवयीला वाव कुठे आहे?

पण सगळी ओढाताण कमी पगारामुळे होत नाही. डिसेंबर २०१८ ते जानेवारी २०१९ मध्ये अमेरिकेच्या केंद्र सरकारचे कामकाज ३५ दिवस ठप्प झाले, तेव्हा सुमारे ८ लाख सरकारी कर्मचाऱ्यांचे दोन पगार हुकले. नोकरी गेली नव्हती. अडकलेला पगार नंतर मिळणार हेही माहीत होते आणि तो मिळाला. तरी वॉशिंग्टनमध्ये, पेनसिल्व्हेनिया अ‍ॅव्हेन्यूवर, शेफ होसे आंद्रेस यांच्या संस्थेने कर्मचाऱ्यांसाठी मोफत जेवण सुरू केले आणि तिथे रांगा लागल्या. पगार बुडाला नव्हता, फक्त उशिरा येणार होता. तेवढ्याने ही वेळ आली.

उशिराचीच एक छोटी, रोजची आवृत्ती बऱ्याच घरांत दर महिन्याला चालते. अमेरिकेत सर्वात जास्त कंपन्या दर दोन आठवड्यांनी पगार देतात. बिले मात्र महिन्याची असतात. समजा हातात येणारा पगार २,६०० डॉलर आहे. वर्षाला २६ पगार, म्हणजे ६७,६०० डॉलर. बाराने भागले की महिन्याला ५,६३३. हा आकडा धरून भाडे ठरवले, गाडीचा हप्ता ठरवला, की फसलो. कारण बारापैकी दहा महिन्यांत खात्यात प्रत्यक्ष ५,२०० च येतात. दर महिन्याला ४३३ ची तूट पडते, ती कार्डावर जाते, आणि त्यावर २० टक्क्यांहून जास्त दराने व्याज लागते. ज्या दोन महिन्यांत तीन पगार येतात, त्यांतली जास्तीची रक्कम आधीचे खड्डे भरण्यात संपते. वरचे व्याज शिल्लक राहते ते राहतेच.

यावर उपाय सोपा आहे : महिना दोनच पगारांचा धरायचा. तिसरा पगार आलाच नाही असे समजून तो थेट वेगळ्या बचत खात्यात वळवायचा. दोन तिसरे पगार मिळून बरोबर एका महिन्याचे उत्पन्न होते. म्हणजे जेवणाखाणात काहीही न कापता वर्षाअखेर महिन्याभराची गंगाजळी तयार. तिसरा पगार कधी येतो ते आधीच कळते. २ जानेवारी २०२६ च्या शुक्रवारी ज्यांचा पगार येतो, त्यांना जानेवारी आणि जुलैमध्ये. ९ जानेवारीवाल्यांना मे आणि ऑक्टोबरमध्ये. अट एवढीच की दोन पगारांत महिना बसला पाहिजे. बसत नसेल तर भाडे किंवा गाडी यांपैकी एक मोठी आहे. कॉफी बंद करून ते गणित सुटत नाही.

सोबत दोन फोन करून टाकावेत. एक कार्ड कंपनीला : देय तारीख बहुतेक कंपन्या बदलून देतात. भाडे १ तारखेला जाते, तर कार्ड १७-१८ च्या सुमारास घ्या. दुसरा बँकेला, ओव्हरड्राफ्टबद्दल, म्हणजे खात्यात शिल्लक नसताना बँक व्यवहार होऊ देते आणि त्याची फी लावते त्याबद्दल. डेबिट कार्ड आणि एटीएमवरच्या ओव्हरड्राफ्टची फी तुम्ही संमती दिल्याशिवाय बँकेला आकारता येत नाही. दिली असेल तर काढून घ्या. पण चेक आणि खात्यातून परस्पर जाणारे हप्ते यांना ही संमती लागत नाही. तिथे शिल्लक कमी पडली तर बऱ्याच बँका अजूनही एका व्यवहाराला ३५ डॉलरच्या आसपास लावतात. म्हणून अशा हप्त्यांची तारीख पगाराच्या दिवशीची ठेवू नये, दोन दिवस पुढची ठेवावी. मध्ये बँकेची सुट्टी आली की पगार सरकतो.

आता "आपल्याला काय त्याचे" याकडे वळू. कॅप्लन, व्हायोलांटे आणि वाइडनर या अर्थशास्त्रज्ञांनी २०१४ मध्ये दाखवले की अमेरिकेतली सुमारे एक तृतीयांश घरे पगार येतो तसा संपवून जगतात, आणि त्यांतली दोन तृतीयांश गरीब नाहीत. त्यांच्याकडे घर आहे, निवृत्तीची पुंजी आहे. फक्त उद्या सकाळी काढता येईल असा पैसा नाही. वर्णन ओळखीचे वाटते ना? चांगल्या शाळांच्या गावात घर, दोन गाड्या, ४०१-के या नोकरीतल्या निवृत्ती खात्यात कमाल रक्कम, पुण्यात एक फ्लॅट, आणि चेकिंग खात्यात तीन हजार.

अशा घरांत पैसा कुठे अडतो ते बघू. मॉर्गेजचा, म्हणजे गृहकर्जाचा, दर स्थिर असला तरी हप्ता स्थिर नसतो. मालमत्ता कर आणि घराचा विमा यांचे पैसे हप्त्यासोबत घेऊन एस्क्रो या वेगळ्या खात्यात ठेवतात. ते वाढले की हप्ते गोळा करणारी कंपनी, म्हणजे सर्व्हिसर, वर्षातून एकदा या खात्याचा हिशेब करते आणि तूट काढते. ती एकरकमी भरायची किंवा बारा महिन्यांत विभागायची. पण विभागली तरी पुढच्या वर्षाचा वाढलेला अंदाज त्यावर बसतोच, म्हणजे हप्ता दोन्ही बाजूंनी चढतो. एस्क्रोचे पत्र आले की त्याच दिवशी उघडून नवा हप्ता कधीपासून ते पाहावे.

कंपनीचे शेअर मिळणाऱ्यांचे वेगळेच दुखणे. आरएसयू, म्हणजे पगाराचा भाग म्हणून ठरलेल्या मुदतीनंतर मिळणारे शेअर, हातात पडले की कंपनी केंद्रीय कर सहसा सरसकट २२ टक्के कापते. तुमचा वरचा टप्पा ३२ टक्क्यांचा असेल, तर एक लाख डॉलरच्या शेअरवर २२,००० कापले जातात आणि देणे असते ३२,०००. दहा हजारांचा हा खड्डा एप्रिलमध्ये दिसतो. राज्याचा कर वेगळा. तोवर ते पैसे बेसमेंटच्या फरशीत गेलेले असतात. दोन गोष्टी करता येतात. शेअर मिळाले त्याच दिवशी फरकापुरते विकून ती रक्कम बाजूला ठेवणे, किंवा पगारातून किती कर कापायचा हे कंपनीला सांगणाऱ्या डब्ल्यू-४ फॉर्मच्या ४-सी या ओळीत दर पगाराला जास्तीची कपात लिहून देणे. मागच्या वर्षीचे समायोजित उत्पन्न दीड लाखाच्या वर असेल, तर त्या वर्षीच्या एकूण कराच्या ११० टक्के यंदा वेळेत भरले गेले की दंड लागत नाही. बाकीची रक्कम मात्र एप्रिलमध्ये भरावीच लागते, ती तयार हवी.

एच-१बी या कामाच्या व्हिसावरच्या मंडळींनी तर दिवसच मोजले पाहिजेत. नोकरी गेल्यावर दुसरी शोधायला जास्तीत जास्त ६० दिवस, आणि आय-९४, म्हणजे देशात राहण्याच्या मुदतीची नोंद, त्याआधी संपत असेल तर तितकेच. सेव्हरन्स, म्हणजे नोकरी गेल्यावर कंपनीने दिलेली रक्कम, मिळत राहिला म्हणून हे दिवस वाढतील असे धरू नका. साठ दिवसांत घर विकून पैसे हातात येणे कठीण.

मोजायचे कसे? महिन्याचा खर्च आताचा धरू नका, नोकरी नसतानाचा धरा. त्यात एक ओळ नवी येते : आरोग्य विमा. केएफएफ या आरोग्य धोरणाचा अभ्यास करणाऱ्या संस्थेच्या पाहणीनुसार २०२४ मध्ये नोकरीतून मिळणाऱ्या कौटुंबिक विम्याचा सरासरी हप्ता वर्षाला २५,५७२ डॉलर होता. त्यातला मोठा वाटा कंपनी भरते म्हणून आपल्याला तो दिसत नाही. कोब्रा या कायद्याखाली नोकरी गेल्यावरही तोच विमा स्वखर्चाने चालू ठेवायचा तर त्या हप्त्याच्या १०२ टक्क्यांपर्यंत, म्हणजे महिन्याला सुमारे २,१७५. मॉर्गेज ४,२००, किराणा-वीज-फोन १,५००, गाडी आणि तिचा विमा ९००, त्यावर हे. एकूण झाले ८,७७५. दिवसाला २९३. बचत खात्यात २२,००० असतील तर ७५ दिवस. कोब्रा घेण्याचा निर्णय कळवायला निदान ६० दिवस मिळतात आणि विमा मागील तारखेपासून लागू होतो. त्यामुळे पहिल्याच दिवशी चेक फाडायची घाई नको. पण घेतला तर हप्ते पहिल्या दिवसापासूनचे भरावे लागतात. डेकेअर या यादीत घातलेले नाही. ती जागा सोडली तर नवी नोकरी लागल्यावर पुन्हा मिळेलच असे नसते, तेव्हा तो निर्णय घरात आधीच करून ठेवावा.

या बावीस हजारांत काय धरायचे नाही, हेही सांगतो. ४०१-के धरू नका : त्यातून कर्ज मिळते, पण ५०,००० किंवा तुमच्या हक्काच्या रकमेच्या निम्मे, यांपैकी कमी असेल तेवढेच, आणि नोकरी गेली की शिल्लक कर्ज त्या वर्षाचे कर-विवरण भरायच्या मुदतीपर्यंत फेडले नाही तर ते उत्पन्न धरले जाते, वर साडेएकोणसाठच्या आतल्यांना सहसा १० टक्के दंड. घरावरची क्रेडिट लाइन नोकरी असतानाच मंजूर करून ठेवली तर उपयोगी. पण २००८ आणि २०२० मध्ये बँकांनी अशा लाइन गोठवल्या किंवा देणे थांबवले होते, तेव्हा ती दुसरी फळी समजा. भारतातली एनआरई, म्हणजे अनिवासी भारतीयांच्या खात्यातली, मुदत ठेव वर्षाच्या आत मोडली तर व्याज शून्य, शिवाय रुपयाचा त्या दिवशीचा दर. तीही दुसरी फळी.

आणि पैसे खरोखरच कमी पडले, तर कोणाचे आधी थांबवायचे? घर, अन्न, वीज आणि कामाला नेणारी गाडी यांचे शेवटी. क्रेडिट कार्ड आधी. कार्ड ३० दिवस थकल्याशिवाय कर्जफेडीची नोंद ठेवणाऱ्या क्रेडिट ब्युरोकडे जात नाही, आणि त्याआधी फोन करून 'हार्डशिप', म्हणजे अडचणीतल्या ग्राहकांसाठीची योजना मागितली तर दर कमी होऊ शकतो. मॉर्गेजवाल्याला पहिला हप्ता चुकायच्या आधी कळवा. १२० दिवस थकल्याशिवाय त्याला साधारणपणे जप्तीची प्रक्रिया सुरू करता येत नाही. स्थानिक मदतीसाठी २११ वर फोन करा, यात लाजण्यासारखे काही नाही. पे-डे, म्हणजे पुढच्या पगारापर्यंतचे, कर्ज मात्र नको. शंभर डॉलरला दोन आठवड्यांचे १५ म्हणजे वर्षाला ३९० टक्के. ४०० घेतले आणि आठ वेळा पुढे ढकलले तर ४८० फीमध्ये गेले, मुद्दल ४०० तसेच. न्यू जर्सी आणि न्यू यॉर्कमध्ये कायद्याने ते चालत नाही. इतर राज्यांत राहणाऱ्या भाचे-पुतण्यांना मात्र जरूर सांगा.

रुग्णालयाचे बिल सर्वात शेवटी कार्डावर टाका, किंवा टाकूच नका. कार्डावर गेले की ते साधे कार्डाचे कर्ज होते आणि रुग्णालयाशी घासाघीस संपते. धर्मादाय रुग्णालयांना आर्थिक मदतीचे धोरण लेखी ठेवावेच लागते आणि घरी सोडल्यानंतरच्या पहिल्या बिलापासून २४० दिवसांपर्यंत तुमचा अर्ज स्वीकारावा लागतो. बिलिंग विभागाला फोन करून आधी तो अर्ज मागवा आणि सगळ्या बाबी वेगवेगळ्या लिहिलेले बिलही मागा.