आरवचा काना

नमस्कार श्रोतेहो. बारशाला बाळाच्या कानात नाव सांगायचा मान आत्याचा. यंदा ती आत्या मी होते. चार दिवस आधी वहिनीचा फोन आला, "ताई, नाव ठरलं बरं का! आरव. अर्थ शांत. मोबाइलवर चार ठिकाणी बघितलं."

मी चपापलेच. पाखरांचा कलरव आपण म्हणतो, तो कसला? आवाजाचाच ना? 'रु' हा धातू आवाज करण्याचा, त्याचा झाला रव, आणि मागे 'आ' लागला की आरव. मग शांत कुठून आलं? लहानपणी पाठ केलेला अमरकोश काढला. आवाजाचे प्रतिशब्द सांगताना अमरसिंह निनाद, ध्वनी, नाद अशी माळ ओवतो, त्याच माळेत आरवही आहे. म्हणजे शेजारचा निनाद आणि आमचा आरव अर्थाने सख्खे भाऊ! वामन शिवराम आपट्यांचा 1890 सालचा कोश पाहिला, तिथेही आवाज, आरडाओरडा.

गफलत कुठे झाली असेल? माझा अंदाज असा, की काना हरवला. 'अरव' म्हणजे आवाज नसलेला, निःशब्द. 'आरव' त्याच्या नेमका उलट. रोमन लिपीत लिहिताना एक 'ए' घातला काय, दोन घातले काय, कोणी बघत नाही. एकाने चुकीचा अर्थ टाकला, बाकीच्यांनी उतरवून घेतला. वहिनीचे ते चार साक्षीदार एकाच घरचे निघाले.

अनय हे नावही सध्या आवडीचं आहे. नय म्हणजे नीती, वागण्याची रीत. त्याला नकाराचा 'अ' लावला की कोशात अर्थ मिळतो दुर्वर्तन, आपत्ती. पूर्वी दगडू, धोंडू ठेवायचे ते निदान जाणूनबुजून, दृष्ट लागू नये म्हणून!

म्हणून नाव आधी देवनागरीत लिहून बघा, ऱ्हस्व-दीर्घासकट. मग शब्द फोडा. रेयांशमधला अंश संस्कृत खरा, पण 'सूर्यकिरणाचा अंश' म्हणायला त्यातला 'रे' इंग्रजीच धरावा लागतो. आणि मग कोश उघडा. संस्कृतला आपटे, मराठीला मोल्सवर्थ. शिकागो विद्यापीठाने दोन्ही इंटरनेटवर फुकट ठेवलेत. नाव संस्कृत नसेल तर नसू दे. रेहान अरबीतून आलेलं, मूळ अर्थ सुगंधी वनस्पती, त्यातही सब्जा. उन्हाळ्यात फालुद्यात घालतो तो. किती गोड नाव! त्याला ओढूनताणून वेदात कशाला नेऊन बसवायचं?

घाईही नसते. जन्माची नोंद झाली असेल तर पहिल्या 12 महिन्यांत नाव विनाशुल्क भरता येतं, पुढे 15 वर्षांपर्यंत विलंब शुल्क देऊन. तेवढ्यात एखादा कोश चाळून होतो.

वहिनीला मी हे सगळं सांगितलं. फोनवर क्षणभर काहीच आवाज नाही. मग म्हणाली, "आवाज, आरडाओरडा? मग बरोबरच आहे की. तुमच्या घराण्यात शांत आहे तरी कोण!"

नाव आरवच ठेवलं. दाखल्यावरचा काना मात्र मी स्वतः तपासून घेतला.