नदीकाठचे नाव

बर्लिनच्या क्रॉइत्सबर्ग भागात, श्प्रे नदीच्या काठावर दिसणारी ही पाटी मे आयिम या कृष्णवर्णीय जर्मन कवयित्रीच्या नावाची आहे. २०१० पर्यंत या काठाला ओटो फ्रीडरिश फोन डेर ग्रोबेन याचे नाव होते. आजच्या घानाच्या किनाऱ्यावर १६८३ साली ब्रांडेनबुर्ग या जर्मन राज्यासाठी किल्ला उभारणाऱ्या मोहिमेचा तो प्रमुख होता, आणि त्या किल्ल्यातून पुढे माणसांचा व्यापार चालला. आयिम यांचे वडील घानाचे होते, हे ध्यानात ठेवून ही पाटी पुन्हा एकदा वाचावी.

१९६० साली हॅम्बुर्गमध्ये जन्मलेल्या आयिम एका गोऱ्या जर्मन कुटुंबात वाढल्या. त्यांच्या एका कवितेत सबंध बोलणे समोरच्या गोऱ्या व्यक्तीचेच आहे. ती व्यक्ती मोठ्या आपुलकीने ‘तुम्हाला कधीतरी परत जायचे आहे का?’ असे विचारते, आणि जिला विचारले जाते, त्या जर्मन स्त्रीला कवितेत एका शब्दाचीही जागा मिळत नाही.

या छायाचित्रांतील ऑड्री लॉर्ड या न्यूयॉर्कच्या हार्लेममध्ये, कॅरिबियन आईवडिलांच्या पोटी जन्मलेल्या कवयित्री. १९८४ साली त्या बर्लिनच्या फ्री विद्यापीठात शिकवण्यासाठी आल्या, तेव्हा त्यांना भेटलेल्या कृष्णवर्णीय जर्मन तरुणींपैकी अनेकजणी आपल्यासारखे दुसरे कोणी आसपास नसतानाच वाढल्या होत्या, आणि स्वतःला म्हणून घेण्यासाठी त्यांच्याजवळ इतरांनी चिकटवलेले हिणकस शब्दच तेवढे होते. या सहवासातून, एकमेकींशी झालेल्या दीर्घ बोलण्यातून, ‘आफ्रो-जर्मन’ हा शब्द त्यांनी स्वतःसाठी घडवला. १९८६ साली आयिम, काथारिना ओगुंटोये आणि डागमार शुल्ट्स यांनी या स्त्रियांची आत्मकथने, त्यांच्या कविता आणि आयिम यांचे इतिहाससंशोधन एकत्र आणणारे पुस्तक संपादित केले. त्याचे शीर्षक, ‘फार्बे बेकेनन’, शब्दशः ‘रंग कबूल करणे’ असे असले, तरी जर्मन बोलण्यात त्याचा अर्थ आपली भूमिका उघडपणे मांडणे असा होतो. हे दोन्ही अर्थ येथे हवेच होते.

लॉर्ड यांना बर्लिनला बोलावणाऱ्या शुल्ट्स यांनी त्या वर्षांतील चित्रण जपून ठेवले आणि २०१२ साली त्यातूनच लॉर्ड यांच्यावरचा त्यांचा माहितीपट साकारला. लॉर्ड १९९२ मध्ये गेल्या. आयिम यांनी १९९६ मध्ये, छत्तिसाव्या वर्षी, आपले जीवन संपवले.

मारिया बिंडर यांनी १९९७ साली आयिम यांच्यावर केलेल्या चित्रपटाच्या नावातच ‘मौखिक कविता’ हे शब्द आहेत. म्हणून येथून पुढे निवेदन थांबवून आपण आयिम यांचाच आवाज ऐकू या.